वर्गात टीव्ही-मोबाईल वापरून इतकी वर्षं शिकवलं, आता वर्ग सोडून त्याच कामात करिअर करावं का?

माळरान_जत
नमस्कार मंडळी. लिहू का नको करत तीन आठवडे गेले, आज रविवार आहे आणि लाईटपण आहे म्हणून बसलोय. लांबण लागेल, सांभाळून घ्या.

मी जि.प. शाळेत शिक्षक, नोकरीला चौदा वर्षं झाली. पहिली सात वर्षं रत्नागिरी जिल्ह्यात काढली, मग आंतरजिल्हा बदलीने जत तालुक्यात आलो. द्विशिक्षकी शाळा, पहिली ते चौथी, पट ३८. दुष्काळी भाग, दिवाळी झाली की बरीच घरं ऊसतोडीला जातात, आणि वस्ती सीमेला लागून आहे त्यामुळे पोरांच्या घरी कन्नड आणि शाळा मराठी.

२०१५ ला प्रगत शैक्षणिक महाराष्ट्र हा सरकारी कार्यक्रम आला तेव्हा डिजिटल शाळेची लाट आली होती, त्यात मीपण ओढला गेलो आणि खरं सांगायचं तर त्यातच रमलो. स्वतःच्या पैशातून पहिला प्रोजेक्टर घेतला, व्हिडिओ बनवायला शिकलो, इथे आल्यावर लोकवर्गणीतून ४३ इंची टीव्ही बसवला, इन्व्हर्टर बसवला. तालुक्यात तंत्रस्नेही शिक्षक म्हणून ओळखतात, ट्रेनिंगला सुलभक म्हणजे शिकवणारा म्हणून बोलावतात, माझे व्हिडिओ दुसऱ्या जिल्ह्यातले शिक्षक वर्गात लावतात याचा आनंद आहेच.

आता झालंय असं की पुण्याच्या एका कंपनीकडून विचारणा आलीये, प्राथमिकच्या मराठी-गणिताचं कंटेंट बनवायचं काम, पगार आत्तापेक्षा जास्त. बायको म्हणते मुलांच्या शिक्षणासाठी पुणं बरं. मित्र म्हणतात सोडू नको, त्यापेक्षा डाएटला (जिल्ह्याची शिक्षक-प्रशिक्षण संस्था) नाहीतर पुण्याला एससीईआरटीत (तीच राज्य पातळीवरची) प्रतिनियुक्ती मिळते का बघ.

पण मला खरं विचारायचंय ते वेगळंच आहे. मागच्या महिन्यात तिसरीच्या ११ पोरांना एक सोपा उतारा वाचायला दिला. सगळ्यांनी वाचला, बऱ्यापैकी घडाघडा. मग विचारलं काय वाचलं सांगा, तर चौघांनाच सांगता आलं. एका पोरीला झाडाचं चित्र दाखवलं तर ती म्हणाली "मर". कन्नडमध्ये झाडाला मर म्हणतात, मला आता माहितीये, पण पहिल्या वर्षी हे ऐकून मी दचकलो होतो. म्हणजे तिसरीपर्यंत ती पोरगी "झाड" हा शब्द शंभर वेळा वाचून गेली, माझ्या व्हिडिओत हलणारी झाडं बघून गेली, आणि तरी झाड म्हणजे मर हे तिच्या डोक्यात कुणी जोडून दिलं नाही. मीच दिलं नाही. टीव्ही लावला की पोरं चिडीचूप बसायची, कविता तोंडपाठ व्हायच्या, मला वाटायचं शिकतायत.

तर ज्यांनी वर्गात तंत्रज्ञान आणण्यात आयुष्य घातलंय त्यांनी सांगा, यातून शेवटी हाताला काय लागतं? आणि मी जर माझ्या ३८ पोरांना नीट पोचवू शकलो नाही तर पुण्यात बसून लाखभर पोरांसाठी व्हिडिओ बनवायचा मला काय अधिकार आहे? रात्री झोप येत नाही हे विचार करून.

पाटीपेन्सिल_कोरेगाव
सर, तुमचं वाचून मी दोनदा चहा गार केला. २०१६ ला रिटायर झालो, सातारा जिल्ह्यात अनुदानित माध्यमिक शाळेत ३५ वर्षं गणित शिकवलं. कॉम्प्युटर शाळेत येताना बघितला ती आमची पिढी, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

१९८४ ला केंद्र सरकारने क्लास नावाचा प्रकल्प काढला होता, निवडक शाळांना बीबीसी मायक्रो कॉम्प्युटर दिले. आमच्या शाळेत दोन-एक वर्षांनी दोन मशीन आली. ३२ केबी मेमरी, आज तुमच्या मोबाईलवरचा एक फोटो त्यात मावणार नाही. पण थाट असा की वेगळी खोली, पडदे, बाहेर चपला काढायच्या, कुलूप, आणि किल्ली मुख्याध्यापकांच्या खिशात. मुलांना आठवड्यातून एकदा रांगेने आत नेऊन लांबून दाखवायचं. सहा महिने मी पण लांबूनच बघितलं. मग पुस्तकावरून बेसिक ही प्रोग्रामिंगची भाषा शिकलो आणि पाढे विचारणारा एक दहा-बारा ओळींचा प्रोग्राम लिहिला, बस एवढंच, दोन आकडे यायचे आणि गुणाकार विचारायचा, चुकलं तर परत तोच प्रश्न.

आठवीत एक मुलगा होता, सात आठे म्हटलं की चोपन्न. दर वेळी चोपन्न. मी ओरडायचो, मुलं हसायची, आणि घाबरून तो अजून घट्ट चोपन्न म्हणायचा. त्या मशीनवर त्याने अकरा वेळा चोपन्न लिहिलं, मी मागे उभा राहून मोजत होतो, आणि अकराही वेळा मशीनने त्याच शांतपणे परत विचारलं. बाराव्या वेळी तो थांबला, बोटांवर सात सात मोजत गेला आणि छप्पन्न लिहिलं. त्या दिवशी मला कॉम्प्युटरपेक्षा माझ्याबद्दल जास्त कळलं. त्यानंतर मी वर्गात चुकीच्या उत्तरावर ओरडणं सोडलं, आणि तो बदल पुढची तीस वर्षं टिकला, मशीन मात्र तीन वर्षांत बंद पडून अडगळीत गेली कारण सुटे भाग मिळेनात.

दुसरी गोष्ट २००२ च्या आसपासची. तेव्हा विंडोज ९८ ची सहा मशीन होती आणि लोगोचं एक फुकट सॉफ्टवेअर मी फ्लॉपीवरून टाकलं. लोगो म्हणजे पडद्यावर एक कासव, त्याला सांगायचं इतकं पुढे जा, इतके अंश वळ, ते रेघ काढत जातं. सीमोर पेपर्ट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६७ ला बनवलेली भाषा, मुलाने मशीनला शिकवायचं ही मूळ कल्पना. नववीच्या मुलांना म्हटलं सुसम पंचकोन काढा. सगळ्यांना पाठ, पंचकोनाचा आतला कोन १०८ अंश. सगळ्यांनी कासवाला १०८ अंश वळवलं आणि पंचकोन काही मिटेना, चांदणी व्हायला लागली. वर्गात गोंधळ. कुणी म्हणालं सॉफ्टवेअर बिघडलंय. शेवटी एक मुलगी उठली, फरशीवर स्वतः कासवासारखी चालली, कोपऱ्यावर वळली आणि म्हणाली सर मी आतला कोन वळत नाहीये, मी बाहेरचा वळतेय. १८० वजा १०८, ७२. पाच वेळा ७२ म्हणजे ३६०, म्हणजे एक पूर्ण फेरी. बाह्यकोनांची बेरीज ३६० हे मी वीस वर्षं फळ्यावर सिद्ध करून दाखवत होतो, त्या पोरीने ते पायाने चालून दाखवलं.

आता तुमच्या प्रश्नावर. तुम्ही टीव्ही लावता तेव्हा पोरं गप्प बसतात असं लिहिलंय, मला वाटतं गोम तिथेच आहे. माझ्या दोन्ही किस्स्यांत मूल काहीतरी करत होतं, चुकत होतं, आणि ती चूक मला दिसत होती. व्हिडिओ बघणारं मूल चुकत नाही, त्यामुळे ते कुठे अडलंय ते तुम्हाला कळायला मार्गच राहात नाही. तुमचा टीव्ही वाईट नाही हो, पण त्याने तुमच्यापासून "मर" तीन वर्षं लपवून ठेवलं.

मी एक वही ठेवायचो. डावीकडे मूल कुठे अडलं, उजवीकडे मी काय करून बघितलं आणि काय झालं. अशा नऊ वह्या झाल्या, त्यात कॉम्प्युटरची पानं निम्मीसुद्धा नाहीत, बाकी खडू, दोरी, काड्या, आगपेट्या. तुम्ही अशी वही एक वर्ष लिहा आणि मग पुण्याचं ठरवा.

साधा_माणूस_८२
सर जास्त लिहीत नाही. कायम सरकारी नोकरी सोडून खाजगीत जाऊ नका. १ नोव्हेंबर २००५ नंतरचे असल्यामुळे जुनी पेन्शन नाही हे मान्य पण तरी नोकरीची शाश्वती आहे. दोन मुलं आहेत तुम्हाला. बिनपगारी रजा मिळते का लेखी विचारा, तोंडी कुणाच्या भरवशावर राहू नका.

डहाणूची_बाई
माळरान दादा, तुमची पोरगी झाडाला मर म्हणाली, माझ्याकडे सगळा वर्ग वारली बोलणारा. म्हणजे प्रश्न तोच, फक्त गाव वेगळं.

आधी डिजिटलबद्दल. शहापूर तालुक्यातल्या पष्टेपाड्याची जि.प. शाळा डिजिटल झाली तेव्हा ती बघायला गावोगावचे शिक्षक जायचे, मीपण गेले होते. तिथली मुलं स्क्रीनवर स्वतः हाताने करत होती, शिक्षक बाजूला उभे. मी परत आले आणि काय केलं, तर फक्त प्रोजेक्टर आणला. मुलांनी हात लावायचा भाग विसरले, कारण महागाची वस्तू, खराब झाली तर कोण भरणार ही भीती. मग वीजबिल थकलं आणि चार महिने मीटर बंद. शंभरच्या आत पट असलेल्या शाळेला समग्र शिक्षा या सरकारी योजनेतून वर्षाला जास्तीत जास्त २५ हजार संयुक्त अनुदान, त्यातच खडू, रंग, झाडू, दुरुस्ती, वीज सगळं बसवायचं, आणि तेही वेळेवर येईल असं नाही. तेव्हा जे कुणी या वाटेने जाणार असतील त्यांनी आधी बिलाचा हिशोब मांडा, मग उपकरणाचा.

कोरोनात तर आमच्या पाड्यावर काही चाललंच नाही. २०२० च्या जुलैत सह्याद्रीवर टिलीमिली सुरू झालं, कार्यक्रम चांगला होता, पण माझ्या २९ मुलांपैकी सहा घरांत टीव्ही. मी आठवड्यातून तीन दिवस पाड्यावर जायचे, अंगणात अंतर ठेवून बसवायचे. एकदा काही सुचेना म्हणून माझा मोबाईल एका मुलीच्या हातात दिला आणि म्हटलं तुझ्या आजीला गोष्ट सांगायला सांग, हे लाल बटण दाबून ठेव.

तिने आजीचं सात मिनिटांचं बोलणं आणलं, भात लावणीच्या दिवशी काय काय करतात त्याबद्दल. सगळं वारलीत. मी ते मुलांबरोबर बसून ऐकलं, थांबवत थांबवत, आणि आजीचे शब्द देवनागरीत मोठ्या कागदावर तसेच्या तसे लिहिले. मला अर्धे शब्द कळत नव्हते, मुलं सांगत होती, मी विचारत होते. मग त्याच कागदावर खाली दुसऱ्या रंगाने मराठी. दादा, ज्या मुलाने दोन वर्षांत पुस्तकातली एक ओळ नीट वाचली नव्हती तो आजीचा कागद बोट ठेवून वाचत होता, कारण पुढचा शब्द काय येणार हे त्याला माहीत होतं. त्याच्याच घरातलं होतं ना ते!

तेव्हापासून माझी पद्धत हीच. मोबाईल ऐकवायला कमी, रेकॉर्ड करायला जास्त. एक नऊशे रुपयांचा ब्लूटूथ स्पीकर आहे, चार्जिंग घरून करून आणते. अशा ४० च्या वर गोष्टी झाल्यात. मासे धरायच्या, तारपा हे आमचं फुंकून वाजवायचं वाद्य वाजवण्याच्या, एक तर नुसती पावसाच्या नावांची. प्रोजेक्टर अजून आहे, त्यावर ते कागद फोटो काढून मोठे करून दाखवते, म्हणजे वायाही गेला नाही.

तुमच्याकडे तर कन्नडला लिपी आहे, पुस्तकं आहेत, पलीकडच्या गावात कन्नड शाळा असेल, तिथल्या गुरुजींची मदत मिळेल. आमच्याकडे यातलं काहीच नव्हतं. करून बघा, पुण्याला जायच्या आधी एक महिना तरी.

स्टोरीबोर्डवाली
मी तुम्हाला दुसऱ्या बाजूचं सांगते. सहा वर्षं शाळेत शिकवून २०१८ ला एका शैक्षणिक कंपनीत कंटेंटला गेले. नाव लिहीत नाही. पहिलं वर्ष फार छान गेलं, शिकायला खूप मिळालं. स्क्रिप्ट कशी लिहायची, एका पडद्यावर एकच नवी गोष्ट का ठेवायची, चित्र आणि आवाज एकाच वेळी एकच सांगत असले तर मुलाला सोपं जातं आणि वेगवेगळं सांगत असले तर दोन्ही सुटतात, हे सगळं मी तिथे शिकले आणि ते मला शाळेत कुणी शिकवलं नव्हतं.

पण माळरान सर, तिथे मूल दिसत नाही. दिसतो तो आकडा. किती जणांनी व्हिडिओ शेवटपर्यंत बघितला. तिसऱ्या वर्षी माझ्या लक्षात आलं की मी मुलाला समजेल असं लिहीत नाहीये, मूल पुढे सरकवणार नाही असं लिहितेय. या दोन्हींत फार फरक आहे. २०२३ ला आमची टीम निम्म्यावर आणली त्यात माझी नोकरी गेली. आता एका छोट्या संस्थेबरोबर शिक्षकांसाठी काम करते, पगार कमी आहे पण आठवड्यातले दोन दिवस वर्गात असते.

पाटीपेन्सिल सरांशी एका बाबतीत माझं जुळत नाही. एक वर्ष थांबून मग ठरवा म्हणणं सोपं आहे, पण चांगल्या वर्गशिक्षकाने कंटेंटच्या कामात जायलाच हवं असं मला वाटतं. नाहीतर ज्यांनी "मर" कधी ऐकलंच नाही तेच लोक जतच्या पोरांसाठी धडे लिहीत राहतात. मी होते त्या टीममध्ये १४ जण होते, त्यातले दोघंच जि.प.च्या वर्गात कधी उभे राहिलेले. तुम्ही जा असं म्हणत नाही, पण जायचा अधिकार नाही असं जे लिहिलंय ते मनातून काढून टाका. ज्याला स्वतःचं चुकलेलं दिसतं त्यालाच तो अधिकार असतो.

शिवाय नोकरी न सोडता शिकता येतं. इग्नूचा शैक्षणिक तंत्रज्ञानाचा पदव्युत्तर डिप्लोमा आहे. मुंबईत एसएनडीटीच्या जुहूच्या आवारात शैक्षणिक तंत्रज्ञानाचा वेगळा विभाग आहे, आयआयटी मुंबईत तर याच विषयात पीएचडी होते, म्हणजे हे नुसतं हौशी काम राहिलेलं नाही. आणि कंपनीला विचारून बघा की सुट्टीत स्क्रिप्ट तपासायचं काम देता का, अर्थात खात्याची परवानगी काढूनच.

बीआरसी_सोलापूर
मी गट साधन केंद्रात आहे, करारावर, बारा वर्षं. प्रतिनियुक्तीबद्दल कुणी बोललं नाही म्हणून लिहितो. डाएट किंवा एससीईआरटीत जाऊन काम भरपूर आहे, पाठ्यपुस्तकाच्या क्यूआर कोडमागचं साहित्य तपासणं, प्रशिक्षणं, दीक्षा या सरकारी शिक्षण ॲपवर कोर्स. पण निम्मा दिवस लिंक भरा, एक्सेल पाठवा, किती शिक्षकांनी कोर्स पूर्ण केला त्याची टक्केवारी पाठवा यात जातो. मनाची तयारी ठेवून या.

डिसले गुरुजींचं नाव अजून कसं आलं नाही? आमच्याच जिल्ह्यातली, माढा तालुक्यातली परितेवाडी. २००९ ला ते तिथे रुजू झाले तेव्हा शाळेची इमारत मोडकळीला आलेली, एका बाजूला गोठा. ३ डिसेंबर २०२० ला ग्लोबल टीचर प्राईझ जाहीर झालं, दहा लाख डॉलर, आणि त्यांनी त्यातली निम्मी रक्कम बाकीच्या नऊ स्पर्धकांना वाटून टाकली. त्यांचं काम म्हटलं की लोकांना एकच आठवतं, क्यूआर कोड. पुस्तकात कोड छापायची कल्पना त्यांनी आधी आपल्या वर्गात वापरली, मग २०१७ ला राज्याने पाठ्यपुस्तकांत आणली, २०१८ ला केंद्राने एनसीईआरटीच्या पुस्तकांसाठी जाहीर केली.

पण जतच्या सरांसाठी महत्त्वाची गोष्ट दुसरीच आहे. त्यांच्या शाळेतल्या मुलांच्या घरची भाषा कन्नड होती आणि पुस्तकं त्या भाषेत नव्हती. त्यांनी आधी पुस्तकाचा मजकूर मुलांच्या भाषेत आणला, आणि त्याला कोड जोडले, त्यात गाणी, व्हिडिओ, गोष्टी, गृहपाठ. पुरस्काराच्या वेळी मुलींच्या शंभर टक्के हजेरीचा आणि गावातले बालविवाह थांबल्याचा उल्लेख आवर्जून झाला होता. म्हणजे ज्या प्रश्नाने तुमची झोप उडालीये तिथूनच त्यांचं काम सुरू झालं होतं. आपण सगळ्यांनी चौकोन उचलला आणि भाषा मागे ठेवली. हे मी स्वतःलाही म्हणतोय कारण तालुक्यात क्यूआर कोडची ट्रेनिंगं मीच घेतलीत, आणि एकाही ट्रेनिंगमध्ये मुलाच्या घरच्या भाषेबद्दल मी अवाक्षर काढलं नाही.

एक कामाची गोष्ट, पुष्कळ शिक्षकांना माहीत नसते. कोड स्कॅन होत नसेल तर त्याच्या खाली सहा अक्षर-आकड्यांचा संकेतांक असतो, तो दीक्षा ॲपमध्ये टाईप केला तरी तेच उघडतं. आणि एकदा डाउनलोड केलं की नेट नसताना चालतं, एका मोबाईलवरून दुसऱ्या मोबाईलवर देता पण येतं. ऊसतोडीला जाणाऱ्या आईबापाच्या मोबाईलमध्ये दिवाळीआधी भरून द्या, फडावर नेट कुठलं.

कोचीकर
नवऱ्याच्या नोकरीमुळे आठ वर्षं केरळात आहे, मुलगी इथल्या सरकारी हायस्कूलला जाते म्हणून दोन ओळी. इथे आयटी अॅट स्कूल हा शाळांत कॉम्प्युटर आणायचा सरकारी प्रकल्प २००१ पासून चालू आहे, आता त्याला काइट म्हणतात. दोन गोष्टी वेगळ्या वाटल्या. सगळं मुक्त सॉफ्टवेअर, त्यामुळे लायसन संपलं, मशीन बंद असं होत नाही. आणि लिटल काइट्स नावाचं मुलांचं मंडळ आहे, २०१८ पासून, त्यातली मुलंच शाळेतल्या प्रोजेक्टर-लॅपटॉपची देखभाल शिकतात. माझी मुलगी त्यात आहे. वस्तू मुलांच्या ताब्यात दिली की मोडत नाही हे मी डोळ्याने बघितलंय. डहाणूच्या बाईंनी भीतीबद्दल लिहिलं म्हणून आठवलं.

माळरान_जत
सगळ्यांना हात जोडून धन्यवाद. पाच आठवडे झाले, मुद्दाम थांबलो होतो, काहीतरी करून मगच लिहायचं ठरवलं होतं.

बाईंचं ऐकून मोबाईल पोरांच्या हातात दिला. पहिल्या दिवशी नुसता आरडाओरडा रेकॉर्ड झाला, दुसऱ्या दिवशी कोंबडी. तिसऱ्या दिवशी चौथीतल्या एकाने त्याच्या आज्जाला बोलतं केलं, १९७२ च्या दुष्काळात खडी फोडायला जायचे त्याबद्दल, नऊ मिनिटं, सगळं कन्नड. मला येणारी कन्नड म्हणजे ऊटा आयता (जेवण झालं का) पुरती, त्यामुळे मी खरंच अडाणी होतो आणि पोरं शिकवत होती. एक मुलगा तर माझ्यावर वैतागला, सर किती वेळा सांगायचं "नीरु" म्हणजे पाणी. त्याच्या तोंडून ते ऐकताना चोपन्नवाला मुलगा आठवला.

आता भिंतीवर सात कागद आहेत. वर कन्नड बोली देवनागरीत, खाली मराठी, आणि दोन कागदांवर पलीकडच्या गावच्या कन्नड शाळेतल्या गुरुजींनी येऊन कन्नड लिपीतपण लिहून दिलं. ज्या पोरीने "मर" म्हटलं होतं तिने स्वतः एक यादी सुरू केलीये, घरचा शब्द आणि शाळेचा शब्द. ६३ जोड्या झाल्यात. काल तिने लिहिलं हालु, दूध, आणि शेजारी कंसात लिहिलं "हळू नाही". हे तिला कुणी सांगितलं नव्हतं. मी तो कागद हातात धरून बराच वेळ तसाच बसलो होतो.

सगळं जमलं असं नाही. पहिलीच्या दोघांना अजून काहीच फरक नाही, आणि तिसरीतला एक दिवाळीनंतर जाणार, आई-बाप कर्नाटकातल्या कारखान्यावर. त्याच्या वडिलांच्या मोबाईलमध्ये बीआरसी सरांनी सांगितलं तसं भरून देणार आहे, आणि आमचे सात कागदपण फोटो काढून.

टीव्ही काढलेला नाही. त्यावर आता पोरांचे आवाज लागतात आणि रिमोट चौथीच्या दोघींच्या ताब्यात आहे. कोचीकर ताईंचं वाचून दिला, अजून शाबूत आहे.

पुण्याच्या कंपनीला लिहिलं की यंदा येत नाही, पण सीमाभागातल्या मुलांसाठी धडे करणार असाल तर सुट्टीत बसून तपासून देईन, खात्याच्या परवानगीने. उत्तर अजून आलेलं नाही. इग्नूचा फॉर्म पुढच्या सत्राला भरतोय. बायको नाराज आहे, ते खोटं बोलत नाही, तिचंही बरोबर आहे आणि त्यावर घरात बोलणं चालू आहे.

पाटीपेन्सिल सर, वही घेतली, शंभर पानी. डावीकडची बारा पानं भरली, उजवीकडची चारच. एक विचारायचं होतं. त्या पोरीच्या यादीत "बा" आलंय, कन्नडमध्ये बा म्हणजे ये. ती मराठी वाचताना "बाबा" या शब्दाला अडते, दर वेळी थांबून माझ्याकडे बघते. अशा ठिकाणी तुम्ही काय केलं असतं?

पाटीपेन्सिल_कोरेगाव
काहीच नाही सर, आधी तिलाच विचारा ती थांबते तेव्हा तिच्या मनात काय येतं. आणि ते डावीकडे लिहा, तिच्याच शब्दांत. मग मला कळवा, मी वाट बघतोय.